हसवणाऱ्या माणसाचा चोख हिशेब

मैत्रिणींनो, आपल्याकडे बाईच्या हसण्याला फार नियम. मोठ्यानं हसायचं नाही, चारचौघांत हसायचं नाही, सासऱ्यांसमोर तर मुळीच नाही. अगदी आवरलंच नाही तर पदर तोंडाला लावायचा आणि आत जायचं. पण एक माणूस असा होऊन गेला, की त्याचा आवाज रेडिओवर लागला म्हणजे पलंगावरची सासू आणि ओट्यापुढची सून एकाच वेळी हसायच्या आणि कुणी कुणाला दटावायचं नाही. पुढं त्याच्या कॅसेट निघाल्या. लग्नाच्या मांडवात, गणपतीत, एसटीच्या लांबच्या प्रवासात त्या वाजायला लागल्या. ज्यांनी आयुष्यात एक पुस्तक विकत घेतलं नाही, त्यांनाही त्यातली माणसं नावानिशी ठाऊक झाली.

तो माणूस म्हणजे पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे, अर्थात आपले पु. ल.

पु. ल. म्हटलं की आपल्याला शाळेतला धडा आठवतो. लेखकाचा परिचय, जन्मसाल, ग्रंथसंपदा. परीक्षेपुरतं पाठ करायचं आणि विसरायचं. आज मला त्या धड्यातल्या लेखकाबद्दल लिहायचं नाही. ज्यानं रेडिओवर, रंगमंचावर आणि अगदी सुरुवातीच्या टीव्हीवर नुसत्या आवाजानं माणसं उभी केली, त्या नटाबद्दल लिहायचं आहे. आणि त्या हसण्यातून आलेल्या पैशाचं त्यानं आणि त्याच्या बायकोनं काय केलं, त्याबद्दलही.

घरातलं वळण

पु. लं.चा जन्म ८ नोव्हेंबर १९१९ रोजी मुंबईत गावदेवी भागात झाला. लहानपण आधी जोगेश्वरीत आणि मग पार्ल्यात गेलं. पार्ल्याच्या टिळक विद्यालयात ते शिकले. तेव्हाचं पार्लं म्हणजे आजच्यासारखं विमानतळाजवळचं गजबजलेलं उपनगर नव्हे. बैठी घरं, झाडं, सगळे सगळ्यांना ओळखतात, असं ते जवळजवळ गावच होतं. आईचे वडील वामनराव दुभाषी हे ‘ऋग्वेदी’ या नावानं लिहायचे. घरात पुस्तकं होती, गाणं होतं. आई लक्ष्मीबाई गायच्या. पोरगा लहानपणी हार्मोनियमवर बसला आणि ती पेटी जन्मभर त्याच्या बोटांना चिकटली.

नकला करण्याची खोड पण तेव्हापासूनचीच. आपल्याही घरात असं एखादं पोरगं असतं बघा. पाहुणे गेले रे गेले की त्यांच्या बोलण्याची, चालण्याची हुबेहूब नक्कल करतं. आपण हसतो आणि लगेच धपाटा घालतो. पु. लं.च्या घरात ही खोड मोडून काढली गेली नाही. उलट, लहान वयात आजोबांनी लिहून दिलेलं भाषण सभेत उभं राहून म्हणून दाखवायची सवय लागली. पोराच्या अंगात जे आहे त्याला घरानं जागा दिली, एवढंच. पण हे ‘एवढंच’ किती घरांत होतं? आपण आयांनी विचार करावा अशी ही गोष्ट आहे.

हे ऐकून सगळं सुखाचं होतं असं वाटेल. तसं नव्हतं. वडील लवकर गेले आणि घराचा भार तरुण वयातच अंगावर आला. शिकवण्या, गाण्याच्या शिकवण्या, कारकुनी, शाळामास्तरकी असं जे मिळेल ते त्यांनी केलं. एकीकडे शिक्षण चालू होतं. कायद्याची पदवी घेतली, पुण्याच्या फर्ग्युसनमध्ये शिकले, पुढं सांगलीच्या विलिंग्डन कॉलेजातून एम. ए. झाले. बेळगावला आणि मुंबईला कॉलेजात मराठी शिकवलं. मो. ग. रांगणेकरांच्या नाट्यनिकेतनच्या नाटकांत कामं केली. रेडिओवरच्या नाटिकांमध्येही ते तरुणपणापासून भाग घ्यायचे. म्हणजे पुढं ज्याला लोकांनी डोक्यावर घेतलं, त्या माणसानं आधी पंधरा-वीस वर्षं असे दहा उंबरे झिजवले होते.

मानपानाशिवायचं लग्न

पु. लं.चं पहिलं लग्न झालं होतं, पण ती पत्नी लग्नानंतर थोड्याच काळात वारली. पुढं मुंबईच्या ओरिएंट हायस्कूलमध्ये शिकवत असताना त्यांची सुनीता ठाकूर यांच्याशी ओळख झाली. सुनीताबाई रत्नागिरीच्या. १९४२ च्या चळवळीत उतरलेली, स्वतःच्या डोक्यानं चालणारी मुलगी. १२ जून १९४६ रोजी रत्नागिरीला त्यांचं नोंदणी पद्धतीनं लग्न झालं. वाजंत्री नाही, हुंडा नाही, आहेर नाही, रुसवेफुगवे नाहीत. कागदावर सह्या झाल्या आणि संसार सुरू झाला.

ही गोष्ट १९४६ सालची आहे, हे लक्षात घ्या. आज आपल्या भागात लग्न म्हटलं की ऊस गेल्याचे पैसे, नाहीतर जमिनीचा तुकडा, नाहीतर कर्ज. मुलीचा बाप पाच वर्षं ते फेडतो. बचत गटाच्या बैठकीत मी दर वर्षी हे ऐकते. लग्न साधं केलं म्हणजे संसार साधा होतो असं नाही, पण निदान तो कर्जात सुरू होत नाही.

सिनेमाची वाट

१९४७ ते १९५४ या काळात पु. ल. मराठी सिनेमात होते. ‘वंदे मातरम्’ या १९४८ च्या चित्रपटात नवराबायको दोघांनीही काम केलं. लहान मुलांचं ‘नाच रे मोरा’ आपल्या प्रत्येक अंगणवाडीत म्हटलं जातं. ते १९५३ च्या ‘देवबाप्पा’ चित्रपटातलं. शब्द ग. दि. माडगूळकरांचे, आवाज आशा भोसल्यांचा आणि चाल पु. लं.ची. अंगणवाडीच्या ताईंनाही पुष्कळदा हे माहीत नसतं.

त्याच वर्षी ‘गुळाचा गणपती’ आला. आपण राहू बेटातल्या बायका. आपल्याला गूळ सांगायला नको. उसाचा हंगाम आला की गुऱ्हाळं पेटतात, काहिलीचा वास रस्त्यापर्यंत येतो. पण ‘गुळाचा गणपती’ म्हणजे नुसता बसून राहणारा, भोळा, कुणीही टपली मारावी असा माणूस. त्या चित्रपटात असा भोळसट नायक पु. लं.नी स्वतः केला. कथा त्यांची, पटकथा-संवाद त्यांचे, संगीत त्यांचं, दिग्दर्शनही त्यांचं. म्हणूनच त्याला ‘सबकुछ पु. ल.’ म्हणायची पद्धत पडली. भीमसेन जोशींनी गायलेला ‘इंद्रायणी काठी’ हा अभंग याच चित्रपटातला. हीच इंद्रायणी तुळापूरला भीमेला मिळते आणि ते पाणी आपल्या बेटाच्या कडेनं वाहत जातं. म्हणून मला हे गाणं उगीचच आपल्या घरचं वाटतं.

एवढं सगळं एकट्यानं करूनही या चित्रपटानंतर पु. लं.नी सिनेमा सोडला. नाव झालं होतं, लोक ओळखत होते. पण ती वाट आपली नाही असं वाटल्यावर ते थांबले. मला त्यांच्या आयुष्यात हे पुन्हा पुन्हा दिसतं. एखादी गोष्ट चांगली चालली आहे, एवढ्या कारणासाठी ते तिला चिकटून राहिले नाहीत.

नुसत्या आवाजाची करामत

१९५५ मध्ये पु. ल. आकाशवाणीच्या नोकरीत आले. तो काळ रेडिओच्या भरभराटीचा होता. पुणे केंद्र १९५३ मध्ये सुरू झालं होतं. १९५५ मध्ये तिथून गीतरामायण सुरू झालं आणि वर्षभर दर आठवड्याला एक नवं गाणं आलं. लोक रेडिओला हार घालायचे, असं जुनी माणसं सांगतात. गावात रेडिओ एखाद्याच घरी, नाहीतर ग्रामपंचायतीत. अंगणात बसून सगळे ऐकायचे.

रेडिओवर हसवणं हे फार अवघड काम आहे. रंगमंचावरचा नट टोपी वाकडी करतो, पडतो, डोळे फिरवतो आणि लोक हसतात. रेडिओवर यातलं काहीच नाही. समोर माणसंही नाहीत. एक बंद खोली, एक माईक आणि काचेपलीकडे बसलेला तंत्रज्ञ. हशा आला की नाही हे कळायला मार्ग नाही. जे करायचं ते श्वासानं, थांबण्यानं, आवाज चढवण्या-उतरवण्यानं. म्हातारा असेल तर त्याला धाप लागली पाहिजे. मास्तर असेल तर घशात थोडी खरखर पाहिजे. कोकणातला असेल तर नाकातला सूर पाहिजे, कारवारकडचा असेल तर हेल वेगळा पाहिजे. ऐकणारी बाई भाकरी थापत असते, तिचे डोळे तव्यावर असतात. तिच्या मनात तो माणूस चपला काढून घरात आला पाहिजे.

पु. लं.ना हे जमलं, कारण त्यांचा कान गवयाचा होता. पेटी वाजवणाऱ्याला सूर जसा नेमका ऐकू येतो, तसा त्यांना माणसाच्या बोलण्यातला सूर ऐकू यायचा. प्रत्येक जातीची, गावाची, धंद्याची बोली वेगळी वाजते, हे त्यांनी पकडलं. गाण्याचं अंगही रेडिओवर चालूच होतं. मंगेश पाडगावकरांच्या ‘बिल्हण’ या संगीतिकेला त्यांनी चाली दिल्या आणि जितेंद्र अभिषेकी ती गायले. ती गाणी आजही सकाळी लागतात.

टीव्हीच्या पहिल्या दिवसांत

१९५८ मध्ये युनेस्कोच्या शिष्यवृत्तीवर पु. ल. लंडनला बीबीसीत शिकायला गेले. सुनीताबाईही बरोबर होत्या. त्या प्रवासाचं ‘अपूर्वाई’ हे पुस्तक आपल्या वाचनालयांत आजही फाटेपर्यंत वाचलं जातं. १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत भारतातलं पहिलं टीव्ही केंद्र सुरू झालं आणि त्या अगदी सुरुवातीच्या निर्मात्यांमध्ये आपला हा पार्ल्याचा माणूस होता.

तेव्हाचा टीव्ही म्हणजे काय, हे आपल्या मुलींना सांगूनही खरं वाटणार नाही. आठवड्यातून दोनच दिवस कार्यक्रम, तेही थोडा वेळ. संच घराघरांत नव्हतेच. दिल्लीत काही ठिकाणी ते बसवले होते आणि लोक तिथं जमून बघायचे. कार्यक्रम आधी करून ठेवायची सोय नव्हती. जे चालायचं ते त्याच क्षणी दिसायचं. कुणी चुकलं, अडखळलं, तर ते सगळ्यांना दिसणार. भारतीय टीव्हीवर पंतप्रधान पंडित नेहरूंची पहिली मुलाखत घेण्याचा मानही पु. लं.कडेच जातो. आपल्या महाराष्ट्रात मुंबई दूरदर्शन आलं ते १९७२ मध्ये, म्हणजे त्यानंतर तेरा वर्षांनी.

सरकारी नोकरी, दिल्लीचा हुद्दा, नवं माध्यम. कुणीही म्हटलं असतं की आता निवृत्तीपर्यंत बसावं. पु. लं.नी थोड्याच वर्षांत ती नोकरीही सोडली आणि परत येऊन एकट्यानं रंगमंचावर उभं राहायचं ठरवलं.

एका अंगात अख्खी चाळ

‘बटाट्याची चाळ’ हे पुस्तक १९५८ चं. साठच्या दशकाच्या सुरुवातीला पु. लं.नी त्याचा एकपात्री प्रयोग सुरू केला. एकच माणूस. वेषांतर नाही, मिशा नाहीत, पडदे नाहीत. आणि त्याच्या तोंडून सोकाजीनाना त्रिलोकेकर बोलतात, कोचरेकर मास्तर बोलतात, अण्णा पावशे बोलतात, एच. मंगेशराव गातात, आचार्य बाबा बर्वे उपदेश करतात. तीन तास नाट्यगृह हसत असायचं. आज एकपात्री कार्यक्रम गावोगाव होतात, शाळेच्या स्नेहसंमेलनातही होतात. ही वाट मराठीत लोकप्रिय केली ती या चाळीनं.

चाळीतली माणसं साधी. नळावर भांडणारी, गच्चीसाठी रुसणारी, उपासाची जाहीर घोषणा करून वजन न घटणारी, सहलीला निघून गोंधळ घालणारी. कुणी चोर नाही, खुनी नाही. प्रत्येकाची एक खोड, आणि त्या खोडीत आपला भाऊ, आपला दीर, आपले शेजारी दिसतात. पण प्रयोग शेवटाला येतो तेव्हा हसता हसता घशात काहीतरी अडकतं. जुनी चाळ, जुनी वस्ती आता राहणार नाही, माणसं पांगणार, हे त्या म्हाताऱ्या इमारतीला कळलेलं असतं. वाडे पाडून बंगले बांधणाऱ्या आपल्या गावांनाही ते आज कळतं.

त्यानंतर ‘वाऱ्यावरची वरात’ आली. त्यात पु. ल. होते, सुनीताबाई होत्या आणि इतर कलाकार होते. ‘असा मी असामी’ आलं, त्यात एका साध्या कारकुनाच्या आयुष्यातून बदलता काळ दिसतो. ‘म्हैस’ ही तर आपल्या सगळ्यांच्या ओळखीची. एसटीच्या वाटेत म्हैस आडवी येते, गाडी थांबते, आणि मग ड्रायव्हर, कंडक्टर, उतारू, म्हशीचा मालक, पंच, पुढारी असे सगळे गोळा होतात. अशा खोळंबलेल्या गाडीत आपण प्रत्येकीनं उन्हात ताटकळत कधी ना कधी वेळ काढलेला आहे. पु. लं.नी त्या ताटकळण्यातून अख्खं गाव उभं केलं, तेही एकट्याच्या तोंडानं.

आमच्या गटाच्या एका बैठकीत हिशेब लवकर आटोपला म्हणून एकीनं मोबाइलवर ‘म्हैस’ लावली. पंचवीस बायका होत्या. दोघी-तिघी सोडल्या तर पु. लं.चं पुस्तक कुणी वाचलेलं नव्हतं. एक आजी रोज स्वतः म्हशीची धार काढणारी. ती इतकी हसली की डोळ्यांतून पाणी आलं, आणि पदर तोंडाला लावायचंही तिला सुचलं नाही.

नक्कल आणि चेष्टा

इथं एक प्रश्न मला नेहमी पडतो. नक्कल केली की समोरच्याला लागतं. आपल्या गावाकडच्या बायकांना हे चांगलं ठाऊक आहे. तालुक्याच्या कचेरीत गेलं, शहरातल्या दवाखान्यात गेलं, की आपल्या बोलण्याला लोक हसतात. ‘न’ आणि ‘ण’ वरून माणसाची किंमत करतात. टीव्हीवरच्या विनोदी कार्यक्रमात तर गावाकडची बाई म्हणजे हसायचीच वस्तू. मग पु. लं.ची नक्कल वेगळी कशी?

मला वाटतं, फरक असा आहे. चेष्टा करणारा माणूस वर उभा राहून खाली बघतो. पु. ल. त्या माणसाच्या शेजारी बसलेले असतात. ‘व्यक्ती आणि वल्ली’ घ्या. या पुस्तकाला १९६५ मध्ये साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. त्यातला नारायण आपल्या प्रत्येकीच्या लग्नात होता. साड्या खरेदीपासून पंक्ती वाढण्यापर्यंत राबणारा, आणि फोटोत कुठंच नसणारा. त्याला आपण हसतो, पण शेवटी त्याच्याबद्दल जीव कळवळतो. चितळे मास्तर, अंतू बर्वा, सखाराम गटणे यांचंही तसंच. त्यांची खोड दिसते आणि त्या खोडीमागची एकटी, हट्टी, चांगली माणसंही दिसतात.

आणि बोलीवरून माणूस जोखण्याचा प्रश्न तर त्यांनी थेट नाटकातच आणला. १९७५ मध्ये ‘ती फुलराणी’ आलं. मूळ नाटक इंग्रजीतल्या बर्नार्ड शॉचं. पण पु. लं.नी त्याला असं मराठी केलं की ते कुठून आलं हे विसरायला होतं. फुलं विकणारी मंजुळा, तिची रांगडी बोली, आणि तिला शुद्ध बोलायला शिकवून दाखवतो अशी पैज लावणारा प्राध्यापक. भक्ती बर्वेंनी ती मंजुळा अशी केली की ते नाव त्यांनाच चिकटलं. नाटक बघताना आधी तिच्या बोलण्याला हशा येतो. पण हळूहळू कळतं की भाषा सुधारली तरी तिला माणूस म्हणून कुणी विचारतच नाही. शेवटी लाजायची पाळी येते ती हसणाऱ्यांवर. आपल्या मुली शहरात शिकायला जातात तेव्हा हे नाटक त्यांना जरूर दाखवावं.

राजकारणातल्या खोडींनाही त्यांनी सोडलं नाही. ‘पुढारी पाहिजे’ हे त्यांचं लोकनाट्य राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकानं गावोगाव नेलं. १९७४ मध्ये इचलकरंजीच्या साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष झाले. आणीबाणी लागल्यावर मात्र हा हसवणारा माणूस गंभीर झाला. १९७७ च्या निवडणुकीत त्यांनी आणीबाणीच्या विरोधात जाहीर सभा घेतल्या. ज्यांच्यासाठी बोलले ते सत्तेवर आले, तेव्हा हे घरी परतले. काही मागितलं नाही.

पडद्यामागची बाई

आता सुनीताबाईंबद्दल बोलायलाच हवं, कारण त्यांच्याशिवाय ही गोष्ट अर्धी राहते.

पु. ल. माणसांत रमणारे. गप्पा, गाणं, जेवणं, मित्र. हिशेब, कागद, वेळा हे त्यांचं काम नव्हे. ते सगळं सुनीताबाईंनी केलं. प्रयोग ठरवायचे, थिएटर, तिकीटं, प्रवास, वेळेवर पडदा उघडणं, पुस्तकांची मुद्रितं तपासणं, पत्रांना उत्तरं, लेखनाचे हक्क. फुकट पास मागणाऱ्यांना नाही म्हणायचं. न विचारता लेखन वापरणाऱ्याला जाब विचारायचा. हे सगळं करताना वाईटपणा येतो. पु. ल. लोकांचे लाडके झाले आणि सुनीताबाई कडक, फटकळ, कंजूष ठरल्या. आपल्या किती घरांत हेच चित्र आहे बघा. नवरा सगळ्यांना हो म्हणतो, गावात त्याचं नाव होतं. ते ‘हो’ निभावायला मागं राबणारी बाई मात्र खाष्ट ठरते.

त्या स्वतः उत्तम अभिनेत्री होत्या. कविता तर अशा म्हणायच्या की ऐकत राहावं. बा. भ. बोरकर आणि मर्ढेकर यांच्या कवितांचे कार्यक्रम दोघांनी मिळून केले. पण स्वतःच्या वाटेपेक्षा त्यांनी पु. लं.ची वाट मोकळी ठेवण्यात आयुष्याची बरीच वर्षं घातली.

१९९० मध्ये त्यांचं ‘आहे मनोहर तरी’ हे पुस्तक आलं आणि मोठी खळबळ उडाली. महाराष्ट्राच्या लाडक्या माणसाबद्दल त्याच्या बायकोनं इतकं स्पष्ट लिहिलं, हे अनेकांना रुचलं नाही. घरातला त्यांचा निष्काळजीपणा, बायकोला गृहीत धरणं, हे त्यात होतं. प्रेमही होतं, पण भाबडं नव्हतं. मला विचाराल तर मराठी बायकांनी एकदा तरी वाचावं असं हे पुस्तक आहे. नवरा चांगला असला तरी बाईचं काही राहून जातं, आणि ते सांगितल्यानं नवरा वाईट ठरत नाही. हे सांगायला धाडस लागतं. आणि ते पुस्तक पु. लं.च्या हयातीत आलं, दोघं एकाच घरात राहत असताना आलं, पुढंही ती दोघं एकत्रच राहिली, हेही विसरू नये.

हशाचे पैसे कुठं गेले

१९६५ मध्ये या दोघांनी पु. ल. देशपांडे फाउंडेशन सुरू केलं. प्रयोगांतून आणि पुस्तकांतून आलेला पैसा समाजाच्या कामाला जाऊ लागला. तोही पेपरात फोटो छापून नव्हे. कुणाला द्यायचं, किती द्यायचं, त्याचा उपयोग झाला का, हे सगळं सुनीताबाई काटेकोरपणे बघायच्या. प्रयोगाच्या फुकट पासाला नाही म्हणणारी बाई हीच होती. कडकपणा कशासाठी होता, ते इथं कळतं.

त्यातलं एक काम आपल्या अगदी जवळचं आहे. ऐंशीच्या दशकात अनिल अवचटांनी गर्दच्या व्यसनात अडकलेल्या मुलांबद्दल लिहिलं. ते वाचून पु. ल. आणि सुनीताबाई अस्वस्थ झाले आणि त्यांनी या कामासाठी एक लाख रुपये दिले. डॉ. अनिता अवचट यांनी कामाची धुरा घेतली आणि १९८६ मध्ये पुण्यात येरवड्याला मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्र उभं राहिलं. तेव्हापासून हजारो माणसं तिथून बरी होऊन घरी गेली आहेत.

दारूमुळं घर कसं जातं हे मी तुम्हाला काय सांगू? आठवड्याचा पगार हातात पडला की संध्याकाळी काय होतं, हे आपण बघतो. गटाचा हप्ता भरायला आलेल्या बाईच्या दंडावर वळ असतो आणि ती म्हणते पडले. अशा घरातल्या माणसाला शिक्षा नव्हे, उपचार लागतो, तो आजारी आहे, ही समज आपल्याकडे रुजायला मुक्तांगणनं फार मोठी मदत केली. मला ही साखळी मोठी विलक्षण वाटते. कुठं तरी थिएटरात लोक त्रिलोकेकरांना हसले, त्या तिकिटाचा पैसा साठला, आणि त्यातून कुणाच्या तरी घरातलं रडणं थांबलं.

शेवटची वर्षं

मान खूप मिळाले. १९६६ मध्ये पद्मश्री, १९९० मध्ये पद्मभूषण, आणि १९९६ मध्ये पहिला महाराष्ट्र भूषण पुरस्कार. वयाच्या पन्नाशीत ते शांतिनिकेतनला जाऊन बंगाली शिकले, कारण रवींद्रनाथ मुळातून वाचायचे होते. पन्नाशीत! आपण चाळिशी आली की आता काय शिकायचं म्हणतो.

अखेरच्या काळात कंपवातानं त्यांना गाठलं. पेटीवर धावणारी बोटं थांबली, बोलणं अवघड झालं. ज्याचा आवाज हीच ज्याची मिळकत, त्याला हे किती जड गेलं असेल! सुनीताबाईंनी ती वर्षंही निभावली. १२ जून २००० रोजी पुण्यात पु. ल. गेले. तो दिवस त्यांच्या लग्नाचा ५४ वा वाढदिवस होता. सुनीताबाई ७ नोव्हेंबर २००९ रोजी गेल्या. दुसऱ्या दिवशी पु. लं.ची नव्वदावी जयंती होती.

त्यांना जाऊन पाव शतक उलटलं. २०१९ मध्ये, जन्मशताब्दीच्या वर्षी, त्यांच्यावर ‘भाई : व्यक्ती की वल्ली’ हा दोन भागांचा चित्रपट आला. आता कॅसेट गेल्या, टेप गेले. पण तोच आवाज मोबाइलवर मिळतो, फुकट मिळतो आणि शेतात खुरपतानाही ऐकता येतो.

तेव्हा मैत्रिणींनो, दोन कामं करा. दिवसभराच्या मालिकांतली कटकारस्थानं बघून डोकं दुखायला लागलं की एखाद्या दुपारी ‘म्हैस’ नाहीतर ‘नारायण’ लावा. जावा-जावा, सासू-सुना एकत्र बसून ऐका. आणि मोठ्यानं हसा. ज्या घरात बाई मोठ्यानं हसू शकते, त्या घरात ती मोठ्यानं बोलूही शकते.

दुसरं काम सुनीताबाईंकडून घ्या. घरातला, गटातला पै-पैचा हिशेब ठेवा. कुणी खाष्ट म्हटलं तर म्हणू द्या. नाही म्हणायची वेळ आली की नाही म्हणा. आणि त्यातून चार पैसे उरले, तर गावात ज्या घरी खरी गरज आहे तिथं ते गाजावाजा न करता पोचवा.